वनरक्षकाची विभागीय चौकशी: दोषारोपपत्रासोबत जबाबांच्या प्रती नाहीत, दहा दिवसांत काय लिहायचं?

साग_कक्ष (प्रश्न)

नमस्कार जी. आमच्या परिक्षेत्रातल्या एका वनरक्षकासाठी विचारतो आहे. पूर्व विदर्भातला जंगलपट्टा, राखीव वनातलं बीट (एका वनरक्षकाकडे दिलेलं जंगलक्षेत्र). शेजारचं रिकामं बीटही दीड वर्षापासून अतिरिक्त म्हणून त्याच्याचकडे. जानेवारीत फिरत्या पथकाने दोन्ही बीटांत मिळून सागाची ४३ थुटं (तोडलेल्या झाडांचे उरलेले बुंधे) मोजली आणि आठवड्यात निलंबनाचा आदेश निघाला. निलंबनकाळातलं मुख्यालय दिलं ११० किलोमीटरवर. आता महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ च्या नियम ८ खालचं दोषारोपपत्र हातात पडलं आहे.

दोषारोप तीन आहेत. गस्तीत हयगय करून अवैध तोड होऊ दिली. तोडीची माहिती वरिष्ठांना दिली नाही. दैनंदिनीत न केलेल्या गस्तीच्या नोंदी घेतल्या. जोडपत्र तीनमध्ये पंचनामा, फोटो, सहायक वनसंरक्षकांचा प्राथमिक चौकशी अहवाल आणि गावातल्या चार जणांचे जबाब अशी यादी आहे. जोडपत्र चारमध्ये साक्षीदार दोनच, आरएफओ (वनपरिक्षेत्र अधिकारी) आणि क्षेत्र सहायक (वनपाल). जबाब देणारे गावकरी साक्षीदारांच्या यादीत नाहीत आणि जबाबांच्या प्रतीही जोडलेल्या नाहीत. उत्तराला दहा दिवस दिले, त्यातले तीन गेले.

ऑफिसातले काही जण म्हणतात, "चूक झाली, माफी असावी, असं लिहून दे. एखादी वेतनवाढ जाईल, मोकळा होशील." दुसरे म्हणतात, थेट मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जा. निर्वाह भत्ता दोन महिन्यांचा आलेला नाही. नेमकं काय करावं, आणि कोणत्या क्रमाने?

बचाव_सहायक

भाऊ, माफीचं पत्र अजिबात देऊ नका. जो दोषारोप कबूल केला, त्यावर विभागाला पुरावा द्यावा लागत नाही. चौकशी अधिकारी तेवढ्या कबुलीवर "सिद्ध" असा निष्कर्ष नोंदवतात. नियम ८ ची कार्यपद्धती मोठ्या शिक्षेसाठी असते. म्हणजे पदावनती, सक्तीची सेवानिवृत्ती, सेवेतून काढून टाकणे आणि बडतर्फी, सगळंच त्या टेबलावर आहे. "एक वेतनवाढ जाईल" असं सांगणाऱ्याच्या हातात शिक्षा ठरवण्याचा अधिकार नाही. ज्यांच्या हातात आहे ते शिस्तभंगविषयक प्राधिकारी, आणि ते असल्या तोंडी आश्वासनाला बांधील नाहीत.

दहा दिवसांत दोन वेगवेगळी पत्रं गेली पाहिजेत.

पहिलं पत्र आजच द्या. त्यात लिहा की जोडपत्र तीनमधल्या अमुक अमुक क्रमांकाच्या कागदपत्रांच्या प्रती मिळालेल्या नाहीत, त्या मिळेपर्यंत परिणामकारक बचाव करणं शक्य नाही, म्हणून प्रती द्याव्यात आणि प्रती मिळाल्यापासून पुढे मुदत द्यावी. "सर्व कागदपत्रे द्यावीत" असं मोघम लिहू नका. जोडपत्रातला अनुक्रमांक, कागदाचं नाव, तारीख, असं एकेक लिहा. दोन प्रती न्या, एकीवर आवक शिक्का, आवक क्रमांक आणि तारीख घ्या. आवक कारकून शिक्का द्यायला कां-कूं करत असेल तर त्याच दिवशी स्पीड पोस्टने पाठवा आणि कार्यालयाच्या अधिकृत ईमेलवरही पाठवा.

दुसरं पत्र म्हणजे बचावाचं निवेदन. ते दहाव्या दिवसाच्या आत द्यायचं, प्रती आल्या असोत वा नसोत. पुष्कळ जण प्रतींची वाट पाहत बसतात, मुदत निघून जाते आणि कार्यालय "अपचाऱ्याने (म्हणजे दोषारोप असलेल्या कर्मचाऱ्याने) निवेदन सादर केले नाही" अशी नोंद घेऊन पुढे जातं. निवेदन लहान असलं तरी चालतं: तिन्ही दोषारोप नाकबूल आहेत, कागदपत्रं मिळालेली नाहीत, ती मिळाल्यावर सविस्तर निवेदन देण्याचा हक्क राखून ठेवतो, साक्षीदारांची उलटतपासणी घ्यायची आहे आणि समक्ष सुनावणी हवी आहे. प्रती हाती नसताना सविस्तर खुलासा लिहायला बसलात की तारखा चुकतात, आणि तीच विसंगती पुढे उलटतपासणीत तुमच्यावर येते.

तिसऱ्या दोषारोपाबद्दल निवेदनात एक स्वतंत्र परिच्छेद हवाच. "न केलेल्या गस्तीच्या नोंदी" म्हणजे कोणत्या तारखेच्या? कोणता कक्ष? त्या दिवशी तो कुठे होता असं विभागाचं म्हणणं आहे? जोडपत्र दोनमध्ये, म्हणजे दोषारोपांच्या तपशिलात, हे नसेल तर दोषारोप संदिग्ध आहे हे आत्ताच लिहून ठेवा. संदिग्ध आरोपावर बचावच करता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९७० मध्येच सुरथचंद्र चक्रवर्ती प्रकरणात सांगितलं आहे. ही हरकत पहिल्या निवेदनात नसली तर पुढे "आरोप नीट समजले होते, म्हणूनच हरकत घेतली नाही" असं ऐकावं लागतं.

मुरूमवाट

वरचं सगळं बरोबर आहे. मी फक्त जंगलाच्या बाजूचं लिहितो, कारण बचाव सहायक (चौकशीत कर्मचाऱ्याची बाजू मांडणारा सहकारी) कायद्याचा जाणकार असला तरी थुटांचं त्याला माहीत नसतं, आणि या प्रकरणात थुटं हाच मुख्य पुरावा आहे.

४३ थुटं सापडली, एवढ्याने काहीच सिद्ध होत नाही. ती कधीची आहेत आणि त्या काळात बीट कोणाकडे होतं, हा खरा प्रश्न. म्हणून पंचनाम्यात प्रत्येक थुटासमोर घेर, उंची, कक्ष क्रमांक, जीपीएस नोंद आणि "ताजे की जुने" हा शेरा आहे का ते आधी पाहा. शेरा नसेल तर फोटो मोठे करून पाहा. नुकत्याच तोडलेल्या सागाचा काप पिवळसर तपकिरी असतो, भोवती भुसा आणि सालीचे तुकडे पडलेले असतात. जुना काप राखाडी पडतो, भेगाळतो, वाळवी लागते. कापाचा वरचा भाग जळून काळा झालेला असेल तर ते झाड आग लागण्याआधीच पडलं होतं. आपल्याकडे आग हंगाम १५ फेब्रुवारी ते १५ जून, म्हणजे जानेवारीत दिसलेलं जळकं थूट बहुतेक आधीच्या हंगामाच्याही मागचं निघतं. आणि सागाला फुटवे येतात. एक पावसाळा लागलेल्या थुटाचे फुटवे माणसाएवढे, कधी त्याहून उंच होतात. जानेवारीच्या फोटोत असे फुटवे दिसले तर ती तोड पावसाळ्याआधीची. उलट मात्र धरू नका. म्हाताऱ्या किंवा जळालेल्या थुटाला कधी कधी फुटवा येत नाही, म्हणून फुटवा नाही याचा अर्थ ताजी तोड असा होत नाही. हीच गोष्ट साक्षीदाराकडून वदवून घ्यायची.

आता कोणते जादा कागद मागायचे ते. दोन्ही बीटांच्या प्रभार हस्तांतरणाच्या याद्या, विशेषतः रिकाम्या बीटाची. तो प्रभार घेताना आधीची थुटं मोजून यादीत घेतली होती का? बऱ्याचदा अतिरिक्त प्रभार नुसत्या आदेशावर जातो, जंगलात फिरून मोजणी होतच नाही. तसं असेल तर त्या बीटातली जुनी तोड याच्या डोक्यावर टाकायला विभागाकडे आधार उरत नाही. मग दोन्ही बीटांचे मागच्या दोन वर्षांचे बीट तपासणी अहवाल. पीओआर (प्राथमिक गुन्हा अहवाल) बुकाच्या दुय्यम प्रती, म्हणजे त्याने स्वतः नोंदवलेले गुन्हे आणि त्यात मोजलेली थुटं. ४३ पैकी काही थुटं आधीच एखाद्या पीओआरमध्ये आलेली असतील तर "माहिती दिली नाही" हा दुसरा दोषारोप तेवढ्यापुरता तिथेच पडतो. थुटावरचा हॅमरचा (वनखात्याच्या खुणेच्या हातोडीचा) ठसा किंवा रंगाने घातलेला क्रमांक त्यासाठी जुळवून पाहायचा. त्याची स्वतःची दैनंदिनी, तिच्यावरच्या क्षेत्र सहायकाच्या सह्यांसकट. क्षेत्र सहायक आणि आरएफओ यांची फिरती दैनंदिनी. आणि इतरत्र लावलेल्या ड्युटीचे सगळे आदेश: निवडणूक, वाघाच्या हल्ल्यानंतरचा बंदोबस्त, दुसऱ्या बीटातली जाळरेषा (आग पसरू नये म्हणून साफ केलेला पट्टा), रोपवनावरची देखरेख.

दोन्ही बीटांचं क्षेत्र हेक्टरमध्ये मागायला विसरू नका. एक माणूस पायी एवढं क्षेत्र किती दिवसांत फिरू शकतो, हे विभागाच्याच आकड्यांवरून मांडता आलं पाहिजे.

नुकसानीची रक्कम लावली असेल तर हिशेबाचा तक्ता मागा. थुटाचा घेर जमिनीलगत घेतलेला असतो आणि तो छातीच्या उंचीच्या घेरापेक्षा जास्त भरतो. तो तसाच धरून घनमीटर काढले तर आकडा फुगतो. जप्त केलेला माल वजा केला आहे का, तेही पाहा. आणि वसुलीची शिक्षा होते ती कर्मचाऱ्याच्या हयगयीमुळे किंवा आदेशभंगामुळे शासनाचं जे आर्थिक नुकसान झालं त्याची. म्हणजे नुकसान आणि हयगय यांचा सांधा विभागानेच दाखवायचा आहे.

आस्थापना_टेबल

निर्वाह भत्त्याचं मागे ठेवू नका, हे आजच्या पत्राइतकंच तातडीचं आहे.

पहिले तीन महिने अर्धवेतनी रजेवर जेवढं रजा वेतन मिळालं असतं तेवढा निर्वाह भत्ता, शिवाय त्यावरचा महागाई भत्ता. तीन महिन्यांनंतर, निलंबन लांबण्याला कर्मचारी जबाबदार नसेल तर, भत्त्यात त्याच्या निम्म्यापर्यंत वाढ करता येते. लांबण्याला तो जबाबदार असेल तर तेवढीच कपातही करता येते. म्हणून तारखा मागून मागून चौकशी लांबवू नका. हे सगळं निलंबनकाळातल्या प्रदानांच्या १९८१ च्या नियमांत, नियम ६८ मध्ये आहे. भत्त्यासाठी कर्मचाऱ्याने द्यायचं ते एक प्रमाणपत्र: दुसरी नोकरी, धंदा किंवा व्यवसाय करत नाही. दर महिन्याला तारीख घालून द्या, पोच घ्या. दोन महिने भत्ता न येण्याचं कारण बहुतेक वेळा हेच असतं की प्रमाणपत्र कोणी मागितलं नाही आणि याने दिलं नाही. काही ठिकाणी मुख्यालयी हजेरीपटावर सही नाही म्हणून भत्ता अडवतात. मुख्यालय सोडायला परवानगी लागते हे खरं, पण नियमात भत्त्याची अट प्रमाणपत्राची आहे, हजेरीची नाही.

याचा सुनावणीशी थेट संबंध आहे. घनश्याम दास श्रीवास्तव विरुद्ध मध्य प्रदेश राज्य, १९७३. तोही वनखात्यातलाच, रेंजर. चौकशी जगदलपूरला, तो राहायचा रीव्याला, अंतर सुमारे ५०० किलोमीटर. निर्वाह भत्ता मिळाला नाही, जायला पैसे नव्हते आणि चौकशी एकतर्फी झाली. सर्वोच्च न्यायालयाने बडतर्फी रद्द केली, कारण अशा स्थितीत त्याला वाजवी संधी मिळाली असं म्हणता येत नाही. पण त्याने पैसे नसल्याचं लेखी कळवलं होतं, हे ध्यानात घ्या. तुमच्या माणसानेही प्रत्येक तारखेआधी लिहावं: भत्ता अमुक महिन्यांपासून अप्राप्त, ११० किलोमीटरचा प्रवास परवडत नाही, भत्ता द्यावा किंवा चौकशीचं ठिकाण जवळ घ्यावं. पत्र न देता गैरहजर राहिलात तर या निकालाचा आधार मिळणं कठीण.

निलंबनाबाबत दुसरं. ९ जुलै २०१९ च्या शासन निर्णयाप्रमाणे निलंबनापासून ९० दिवसांत दोषारोपपत्र बजावलंच पाहिजे. तुमच्याकडे ते मुदतीत आलेलं दिसतं, म्हणून तो मुद्दा इथे चालणार नाही. पण त्याच निर्णयात असंही आहे की दोषारोपपत्र मुदतीत दिलं तरी तीन महिन्यांत निलंबनाचा आढावा घ्यायचा आणि निलंबन पुढे चालू ठेवायचं तर कारणांसह स्पष्ट आदेश काढायचा. तेव्हा आढाव्याची मागणी करणारा स्वतंत्र अर्ज द्या. बचावाच्या निवेदनात हा विषय घुसडू नका, तिथे तो कोणी वाचत नाही.

नागपूर_खंडपीठ

मॅटचं आधी सांगतो. दोषारोपपत्र म्हणजे शिक्षा नव्हे. नुसत्या दोषारोपपत्राविरुद्ध गेलं की सहसा "मुदतपूर्व" म्हणून परत पाठवतात. २००६ चा कुनिसेट्टी सत्यनारायण निकाल त्यासाठी नेहमी दाखवला जातो. अपवाद मुख्यतः अधिकाराचा. दोषारोपपत्राला सक्षम शिस्तभंगविषयक प्राधिकाऱ्याची मंजुरीच नसेल तर ते टिकत नाही (गोपीनाथ प्रकरण, २०१३). म्हणून मूळ नियुक्तीचा आदेश काढा आणि त्याखाली कोणत्या हुद्द्याची सही आहे ते पाहा. संविधानाच्या अनुच्छेद ३११(१) प्रमाणे नियुक्ती करणाऱ्यापेक्षा कनिष्ठ अधिकारी बडतर्फ करू शकत नाही किंवा सेवेतून काढू शकत नाही. दोषारोपपत्रावर "करिता" म्हणून दुसऱ्याच कोणाची सही असेल तर मूळ टिप्पणीवरच्या मंजुरीची प्रत मागा.

आता गावकऱ्यांच्या जबाबांकडे, कारण या प्रकरणाची खरी गाठ तिथेच आहे. प्राथमिक चौकशीतला जबाब हा कर्मचाऱ्याच्या पाठीमागे घेतलेला असतो. जबाब देणाऱ्याला चौकशीत हजर करून उलटतपासणीची संधी दिल्याशिवाय तो त्याच्याविरुद्ध वापरता येत नाही. निर्मला झाला प्रकरणात २०१३ मध्ये हेच सांगितलं आहे. नुसते कागद दाखल करणं म्हणजे ते सिद्ध करणं नव्हे, कागदातला मजकूर माहीत असलेल्या साक्षीदाराने तो शाबीत करावा लागतो, हे रूप सिंग नेगी प्रकरणात २००८ मध्ये. आणि अपचारी गैरहजर असला तरी विभागाला पुरावा द्यावाच लागतो, चौकशी अधिकारी हा विभागाचा प्रतिनिधी नाही, हे सरोज कुमार सिन्हा प्रकरणात २०१० मध्ये.

इथे एक चूक फार होते. गावकरी साक्षीदारांत नाहीत म्हणून लोक त्यांना स्वतःचे बचाव साक्षीदार म्हणून बोलावतात. तसं केलं की ते तुमचे साक्षीदार होतात. तुम्हाला त्यांची उलटतपासणी घेता येत नाही, सादरकर्ता अधिकारी (चौकशीत विभागाची बाजू मांडणारा) मात्र घेतो. पत्रात असं लिहा: जोडपत्र तीन, अनुक्रमांक अमुक ते अमुक हे जबाब विभागाला वापरायचे असतील तर जबाब देणाऱ्यांना विभागाचे साक्षीदार म्हणून हजर करावं आणि उलटतपासणीची संधी द्यावी, अन्यथा हे जबाब विचारात घेऊ नयेत.

दुसरी बाजूही सांगतो, नाहीतर लोक भलत्याच आशेवर राहतात. विभागीय चौकशीत फौजदारी खटल्याएवढा कडक पुरावा लागत नाही. संभाव्यतेच्या तराजूवर निर्णय होतो आणि पुराव्याचा कायदा जसाच्या तसा लागू होत नाही. हरियाणातल्या बस कंडक्टरच्या रतन सिंग प्रकरणात १९७७ मध्ये न्यायालयाने ऐकीव पुरावाही, त्याचा विषयाशी वाजवी संबंध असेल तर, चालू दिला. म्हणून "मला कोणी तोडताना पाहिलं नाही" हा बचाव पुरा पडणार नाही. थुटांचं वय, प्रभाराच्या तारखा आणि दुसऱ्या ड्युट्या, याच गोष्टी माणसाला वाचवतात. मुरूमवाट यांचा प्रतिसाद छापून बचाव सहायकाला द्या.

साग_कक्ष

पत्र क्रमांक एक आज आवक झालं, शिक्का मिळाला. दोन गोष्टी आणखी. ज्या सहायक वनसंरक्षकांनी प्राथमिक चौकशी केली, त्यांचंच नाव चौकशी अधिकारी म्हणून येणार असं कानावर आहे. आणि चारही गावकरी माडिया बोलणारे आहेत. मराठी थोडी समजते, पण जबाब शुद्ध कार्यालयीन मराठीत आहेत आणि खाली अंगठे.

बचाव_सहायक

चौकशी अधिकाऱ्यांबद्दल: नियुक्तीचा आदेश येऊ द्या, कानावरच्या गोष्टीवर अर्ज नको. आदेश आला की पहिल्या तारखेच्या आधी शिस्तभंगविषयक प्राधिकाऱ्यांकडे अधिकारी बदलून देण्याचा अर्ज करा, त्याची प्रत चौकशी अधिकाऱ्यांना द्या आणि अर्जाचा निर्णय होईपर्यंत कामकाज थांबवण्याची विनंती रोजनाम्यात (त्या तारखेच्या कामकाजाच्या नोंदीत) नोंदवून घ्या. कारण एकच लिहा: त्यांनी प्राथमिक अहवालात आपलं मत आधीच नोंदवलं आहे, तो अहवाल जोडपत्र तीनमध्ये पुरावा आहे आणि तो शाबीत करायला त्यांनाच साक्षीदार म्हणून यावं लागेल. एकाच माणसाने साक्षीदार आणि निर्णय करणारा व्हायचं नाही, हे १९५७ च्या मोहम्मद नूह प्रकरणापासून पक्कं आहे. व्यक्तीबद्दल राग, जुनं वैर, जातपात असलं काही पुराव्याशिवाय लिहू नका, त्याने मूळ मुद्दा बुडतो.

सादरकर्ता अधिकारी नेमला आहे का तेही पाहा. नेमलेला नसेल आणि चौकशी अधिकारीच विभागाच्या साक्षीदारांना प्रश्न विचारून प्रकरण उभं करत असतील, तर प्रत्येक तारखेला लेखी हरकत द्या. राम लखन शर्मा प्रकरणात २०१८ मध्ये अशा चौकशीबद्दल निकाल कर्मचाऱ्याच्या बाजूने गेला.

भाषेबद्दल: गावकरी विभागाचे साक्षीदार म्हणून आले तर दुभाष्याची मागणी आधीच करा. दुभाष्या वनखात्याचा मजूर किंवा कर्मचारी नसावा, शाळेतला शिक्षक किंवा दुसऱ्या विभागातला कर्मचारी असावा. उलटतपासणीत प्रश्न लहान हवेत. जबाब कोणी लिहिला? तुम्ही कोणत्या भाषेत सांगितलं? लिहून झाल्यावर तुम्हाला माडियात वाचून दाखवला का? अंगठा कुठे लावला, गावात की आरएफओ ऑफिसात? "गस्तीत हयगय" हे शब्द तुम्ही सांगितले का? इथे थांबायचं. "मग असं का लिहिलं असेल?" हा प्रश्न विचारू नका. का विचारलं की साक्षीदाराला हवं ते सांगायची मोकळीक मिळते.

क्षेत्र सहायकाला तशाच पद्धतीने. ऑक्टोबर ते डिसेंबर या काळात या कक्षात गेल्याची नोंद तुमच्या फिरती दैनंदिनीत आहे का? त्या दिवशी थुटं दिसल्याची नोंद आहे का? वनरक्षकाच्या दैनंदिनीवर तुमची सही आहे का? सही करताना काही शेरा मारला होता का? एवढ्या चार उत्तरांतून दोनपैकी एक गोष्ट निघते. थुटं तेव्हा नव्हतीच, किंवा होती आणि त्यांनाही दिसली नाहीत. दोन्हींचा उपयोग लेखी युक्तिवादात करायचा, साक्षीच्या वेळी बोलून दाखवायचा नाही.

प्रत्येक तारखेनंतर सहीपूर्वी रोजनामा आणि साक्ष पूर्ण वाचा. चौकशी अधिकाऱ्यांनी प्रश्न नाकारला असेल तर तो प्रश्न आणि नाकारल्याचं कारण दोन्ही नोंदवून मागा. नोंद घ्यायला नकार दिला तर त्याच दिवशी आवकमध्ये पत्र टाका. दुसऱ्या दिवशी टाकलेल्या पत्राचं वजन निम्मं होतं.

क्रमही लक्षात ठेवा: कागदपत्रांची पाहणी, जादा कागदपत्रांची मागणी, विभागाचे साक्षीदार, मग बचावाचं म्हणणं, बचावाचे साक्षीदार, स्वतःची साक्ष, आणि शेवटी लेखी युक्तिवाद. पाहणीला साधारण पाच दिवस आणि जादा कागदांच्या मागणीला दहा दिवस असतात, आदेशातली मुदत पाहून घ्या. जादा कागद मागताना प्रत्येकासमोर तो कोणत्या दोषारोपाशी संबंधित आहे हे एका ओळीत लिहायचं, नाहीतर "असंबद्ध" म्हणून सरसकट नाकारतात. आणि त्याने स्वतः साक्ष दिली नाही, तर पुराव्यात त्याच्याविरुद्ध जे आलं त्यावर चौकशी अधिकाऱ्यांनी त्याला प्रश्न विचारायलाच हवेत. हा टप्पा घाईत गाळला जातो. गाळला तर लेखी युक्तिवादात नोंदवा.

बचाव सहायक म्हणून कोणताही शासकीय कर्मचारी घेता येतो. वकील मिळतो तो सादरकर्ता अधिकारी वकील असेल तर, किंवा प्राधिकाऱ्यांनी परवानगी दिली तर. सहायकाची संमती आणि त्याच्या कार्यालयाला कळवणं पहिल्या तारखेआधी उरकून घ्या.

पांदण_रस्ता

मधेच विचारतो, ग्रामसेवकाला हेच सगळं लागू होतं का? आमच्या पंचायत समितीत एकाची चौकशी चालू आहे.

नागपूर_खंडपीठ

मूळ तत्त्वं तीच, नियम वेगळे. जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्यांना महाराष्ट्र जिल्हा परिषद जिल्हा सेवा (शिस्त व अपील) नियम, १९६४ लागू. मॅट त्यांच्यासाठी नाही, त्यांचा शेवटचा रस्ता उच्च न्यायालयाचा. अनुच्छेद ३११ राज्याच्या नागरी पदांसाठी आहे, म्हणून त्यांनी आधार घ्यायचा तो १९६४ च्या नियमांचा, अनुच्छेद १४ चा आणि नैसर्गिक न्यायाचा. तुमच्या प्रकरणाचा वेगळा धागा काढा, इथे दोन्ही मिसळतील.

साग_कक्ष, पुढचंही आत्ताच लिहून ठेवतो, कारण अहवाल आल्यावर लोक पुन्हा घाईत पडतात. चौकशी अहवालाची प्रत निर्णयाआधी मिळणं हा हक्क आहे (करुणाकर प्रकरण, १९९३), आणि त्यावर म्हणणं मांडायला सहसा १५ दिवस असतात. हे म्हणणं दोषारोपनिहाय लिहा: कोणता साक्षीदार काय म्हणाला, अहवालात ते कुठे सुटलं. चौकशी अधिकाऱ्यांनी निर्दोष ठरवलं आणि प्राधिकाऱ्यांना ते मान्य नसेल, तर असहमतीची तात्पुरती कारणं कळवून म्हणणं ऐकल्याशिवाय त्यांना दोषी ठरवता येत नाही. कुंज बिहारी मिश्रा, १९९८. शिक्षेच्या प्रमाणाबाबत वेगळी नोटीस मिळण्याचा हक्क मात्र ४२ व्या घटनादुरुस्तीनंतर उरलेला नाही, म्हणून शिक्षेबद्दल जे सांगायचं ते याच म्हणण्यात सांगा. सेवेची वर्षं, गोपनीय अहवालांचे शेरे, अतिरिक्त बीट सांभाळल्याचे आदेश, सगळं जोडा. जुनी शिक्षा धरून नवी वाढवायची असेल तर ते आधी कळवावं लागतं, हे मांचे गौडा प्रकरणात १९६३ पासून आहे.

आदेश झाला तर अपिलाची मुदत ४५ दिवस, आदेशाची प्रत मिळाल्यापासून. अपील विहित प्राधिकाऱ्याकडेच करा, मंत्री-आमदारांकडची निवेदनं म्हणजे अपील नव्हे आणि त्यात गेलेले दिवस कोणी वजा करून देत नाही. अपिलावर निर्णय झाला की एक वर्षाच्या आत मॅटच्या नागपूर खंडपीठात. सहा महिन्यांत निर्णयच झाला नाही तर सहा महिने संपल्यापासून एक वर्ष धरायचं. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५, कलमं २० आणि २१. शिक्का असलेली प्रत्येक पोच आत्तापासून तारीखवार एका फाइलीत लावा, अर्जासोबत तीच जोडावी लागते.

साग_कक्ष

आजची स्थिती: जबाबांच्या प्रती आल्या. चारपैकी तीन जबाबांवर एकच तारीख आणि मजकूर शब्दाला शब्द सारखा. पंचनाम्यात ४३ पैकी १९ थुटं रिकाम्या बीटातली आहेत आणि "ताजे की जुने" हा रकाना तिथे कोराच आहे. नाकबुलीचं निवेदन उद्या देतो आहे. निर्वाह भत्त्याचं प्रमाणपत्र, निलंबन आढाव्याचा अर्ज आणि प्रभार याद्यांची मागणी ही तीन वेगळी पत्रंही त्यासोबतच आवकला जातील.

बचाव_सहायक

तीन जबाब शब्दशः सारखे आहेत हे निवेदनात लिहू नका. विभागाने त्या तिघांना हजर केलं तर तो मुद्दा उलटतपासणीसाठी राखा. हजर केलं नाही तर लेखी युक्तिवादात घ्या. १९ थुटांचं मात्र आत्ताच लिहा आणि त्या बीटाची प्रभार यादी त्याच परिच्छेदात मागा.

मुरूमवाट

आणि पावसाळा लागायच्या आत त्या १९ थुटांची संयुक्त पाहणी मागा: चौकशी अधिकारी, सादरकर्ता अधिकारी आणि अपचारी, तिघांच्या समक्ष. फोटोत मोजपट्टी आणि थुटाचा क्रमांक दिसला पाहिजे. जूननंतर नवे फुटवे फुटतात, कापावर शेवाळ चढतं आणि जानेवारीत थूट कसं होतं ते कोणालाच सांगता येत नाही.